गोठलेल्या समुद्रावर किती वाजले?

ब्रिटनच्या पश्चिमेला पाच दिवस जहाज हाकले की ओगिगिया नावाचे बेट लागते, असे प्लुटार्क या ग्रीक लेखकाने लिहून ठेवले आहे. त्याच्या पलीकडे आणखी तीन बेटे आहेत आणि त्यांतल्या एका बेटावर सोनेरी खडकाच्या गुहेत क्रोनस हा पदच्युत देव निजलेला आहे. त्याचा मुलगा झ्यूस याने बापाला साखळदंडांनी बांधले नाही, झोपेनेच बांधले. भोवतालचा समुद्र इतका दाट की तिथे शिडाचा उपयोग नाही, वल्ही मारत कष्टाने पुढे सरकायचे. तो गोठलेला आहे असाही लोकांचा समज. उन्हाळ्यात तीस दिवस तिथे रात्र अशी होतच नाही. सूर्य तासाभरापेक्षा कमी वेळ दिसेनासा होतो, तोही संधिप्रकाश मागे ठेवून. दर तीस वर्षांनी शनी वृषभ राशीत आला की पलीकडच्या भूमीवरून क्रोनसच्या सेवेसाठी माणसांची नवी तुकडी निघते. तीस वर्षे सेवा झाली की घरी जायची मुभा असते, पण बहुतेक जण तिथेच राहून जातात.

तीस वर्षांचा हा हिशेब मराठी वाचकाला समजावून सांगायला नको. शनी एका राशीत अडीच वर्षे, म्हणून बारा राशींना तीस. साडेसातीचा जन्म याच गणितातून झाला आहे. ग्रीकांनी क्रोनस आणि शनी एकच मानले होते, आणि सगळ्यांत मंद चालणाऱ्या ग्रहाचा देव त्यांनी सगळ्यांत मंद समुद्रात नेऊन निजवला. प्लिनी या रोमन लेखकानेही थूले बेटापासून एका दिवसाच्या अंतरावर गोठलेला समुद्र आहे आणि काही लोक त्याला क्रोनसचा समुद्र म्हणतात, अशी नोंद केली आहे. या माहितीचा उगम बहुधा पिथिआस या मार्सेलच्या दर्यावर्दीपर्यंत जातो. तो इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात उत्तरेकडे जाऊन आला आणि परतल्यावर बहुतेकांनी त्याला थापाड्या ठरवले.

प्लुटार्कचा समुद्र काल्पनिक होता. त्याच्याही उत्तरेला जो खरा समुद्र आहे, त्यावर काळाची गत कल्पनेपेक्षा विचित्र होते. उत्तर ध्रुव महासागराचे क्षेत्रफळ सुमारे १ कोटी ४० लाख चौरस किलोमीटर, म्हणजे भारताच्या चौपटीहून जास्त. खारट असल्यामुळे त्याचे पाणी शून्याला गोठत नाही, उणे १.८ अंश सेल्सिअसच्या आसपास गोठते, आणि एक ते तीन मीटर जाडीचा बर्फाचा पापुद्रा त्यावर तरंगत राहतो. ध्रुवबिंदूखाली चार किलोमीटरहून जास्त खोल पाणी आहे. म्हणजे पृथ्वीच्या माथ्यावर जमीन नाही, आणि जे जमिनीसारखे दिसते ते सतत वाहत असते. या प्रकरणातला सगळा घोटाळा इथून सुरू होतो.

आपण वेळ घड्याळात पाहतो, पण ती मुळात जागेला बांधलेली असते. सूर्य डोक्यावर आला की दुपार, आणि तो प्रत्येक गावाच्या डोक्यावर वेगवेगळ्या क्षणी येतो. पृथ्वी चार मिनिटांत एक रेखांश फिरते. भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची. मुंबई त्याच्या पश्चिमेला साडेनऊ अंशांहून थोडी अधिक दूर. म्हणून मुंबईची खरी दुपार घड्याळाच्या दुपारनंतर एकोणचाळीस मिनिटांनी होते. १९०६ साली सरकारने प्रमाणवेळ आणली तेव्हा मुंबईकरांनी ती सहजी मानली नाही. महापालिकेची घड्याळे १९५५ पर्यंत ‘बॉम्बे टाइम’च दाखवत होती. एकाच शहरात दोन वेळा नांदत होत्या, लग्नाचा मुहूर्त कोणत्या घड्याळाचा हे विचारून घ्यावे लागत असेल, पण त्या भांडणात दोन्ही बाजूंच्या पायाखाली निदान स्थिर जमीन होती.

ध्रुवावर हे गणितच आटून जाते. सगळे रेखांश तिथे एका बिंदूत मिळतात. ध्रुवापासून एक किलोमीटर त्रिज्येचे वर्तुळ काढले तर त्याचा परीघ सव्वासहा किलोमीटर होतो, आणि त्यात चोवीस तासांचे चोवीस पट्टे बसवले तर प्रत्येक पट्टा साधारण २६० मीटरचा. जेवण झाल्यावर शतपावली करायला निघालेला माणूस दीड-दोन तासांत सगळ्या जगाची घड्याळे ओलांडून तंबूत परत येईल. सूर्याकडे पाहूनही काही कळणार नाही. तिथला सूर्य मार्चमध्ये विषुवदिनाच्या जरा आधी उगवतो आणि सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्याच्या आसपास मावळतो. मधले सहा महिने तो क्षितिजाला समांतर घिरट्या घालतो. एका दिवसात त्याची उंची डोळ्यांना जाणवण्याइतकी बदलत नाही. सकाळ, दुपार, तिसरा प्रहर हे शब्द तिथे निकामी होतात. मावळल्यावरही एकदम काळोख पडत नाही, संधिप्रकाश आठवडेच्या आठवडे रेंगाळतो आणि पुरती रात्र नोव्हेंबरच्या मध्याला होते. त्या अंधारातही चंद्र मात्र महिन्यातून जवळजवळ दोन आठवडे अखंड वर असतो, आणि हिवाळ्यात त्या दिवसांतच पौर्णिमा येते. कोणत्याही देशाने ध्रुवासाठी वेळ ठरवलेली नाही. तिथे जाणारे लोक आपापल्या सोयीची वेळ बरोबर नेतात.

या समुद्राने माणसाच्या कालगणनेची पहिली मोठी थट्टा केली ती १५९७ च्या जानेवारीत. विलेम बारेंट्स हा डच खलाशी चीनकडे जाणारा उत्तरेचा मार्ग शोधत होता. १५९६ च्या ऑगस्टअखेरीस नोवाया झेम्ल्या बेटाच्या ईशान्य टोकाशी, ७६ अंश उत्तर अक्षांशावर, त्याचे जहाज बर्फात अडकले. सतरा माणसे. वाहून आलेले ओंडके आणि जहाजाच्या फळ्या यांचे त्यांनी घर बांधले. ते पुरे होण्याआधीच जहाजाचा सुतार वारला. नोव्हेंबरच्या सुरुवातीला सूर्य दिसेनासा झाला. डिसेंबरात घरातले घड्याळ थंडीने थांबले. वजने वाढवून टांगली तरी ते चालेना. मग बारा तासांची वाळूची घटिका वापरायला घेतली आणि ती रिकामी झाली की उलटी करायची पाळी सगळ्यांनी वाटून घेतली. झोपेत एखादी पाळी चुकली तर अर्धा दिवस हिशेबातून गळणार, याची धास्ती त्यांना किती असेल याचा अंदाज घेता येतो.

आणि २४ जानेवारीला या मुक्कामाची हकिगत लिहिणारा गेरिट डे वीर, कप्तान हेम्सकेर्क आणि आणखी एक जण किनाऱ्यावर गेले असता त्यांना दक्षिणेला सूर्याची कड दिसली. बारेंट्सने ते साफ नाकारले. गणिताप्रमाणे सूर्य यायला अजून दोन आठवडे होते. तिघांची नजर चुकली, किंवा दिवस मोजण्यात सगळ्यांचीच चूक झाली, दोनच शक्यता. पण तीन दिवसांनी सूर्याचे पुरे बिंब दिसले. त्याच सुमारास त्यांनी चंद्र आणि गुरू यांची युतीही पाहिली आणि वेनिसला छापलेल्या ग्रहपंचांगाशी ती ताडली. तारीख बरोबर होती. मायदेशी परतल्यावर मात्र विद्वानांनी डे वीरच्या हकिगतीवर विश्वास ठेवला नाही. अंधारात या लोकांचे दिवस हरवले, असेच पुष्कळांचे मत पडले. घड्याळ बंद पडल्याची कबुली त्यांनीच दिली होती, त्यामुळे संशयाला आयते निमित्त मिळाले.

डे वीर खोटे बोलत नव्हता. त्या दिवशी सूर्य क्षितिजाखाली सुमारे पाच अंश होता. बर्फाला टेकलेली हवा अतिशय थंड आणि तिच्यावर उबदार हवेचा थर, अशी रचना शेकडो किलोमीटर पसरली तर प्रकाशकिरण त्या दोन थरांमध्ये अडकून पृथ्वीच्या गोलाईबरोबर वाकत जातो. उन्हाळ्यात डांबरी रस्त्यावर दिसणारे मृगजळ हा त्याचाच उलटा भाऊ. दूर दक्षिणेला उगवलेला सूर्य या हवेच्या बोगद्यातून उत्तरेकडे पोचला होता. शॅकल्टन या ब्रिटिश संशोधकालाही दक्षिण ध्रुवाकडच्या बर्फात १९१५ च्या मे महिन्यात मावळून गेलेला सूर्य परत वर आलेला दिसला. या प्रकाराला आज नोवाया झेम्ल्याचेच नाव आहे. बारेंट्सला हे कळायला मार्ग नव्हता. तो १५९७ च्या जूनमध्ये परतीच्या वाटेवर उघड्या होडीत वारला. सतरापैकी बारा जण ॲमस्टरडॅमला पोचले. त्यांचे घर १८७१ साली नॉर्वेच्या एका कप्तानाला सापडले, तेव्हा ते थांबलेले घड्याळ आतच होते.

बारेंट्सला सूर्याने फसवले. फ्रिट्यॉफ नानसेन या नॉर्वेजियन संशोधकाला घड्याळाने. पण नानसेनची गोष्ट अधिक गुंतागुंतीची आहे, कारण तो बर्फात मुद्दाम अडकायला गेला होता. जॅनेट नावाचे अमेरिकन जहाज १८८१ साली सैबेरियाच्या उत्तरेला बर्फाने चिरडले गेले आणि तीन वर्षांनी त्याचे अवशेष थेट ग्रीनलंडच्या नैऋत्य किनाऱ्यावर मिळाले. म्हणजे बर्फ ध्रुवाच्या आसपासून वाहत पलीकडे जातो, असा तर्क हवामानशास्त्रज्ञ हेन्रिक मोन याने मांडला. नानसेनने त्यावर जीव पणाला लावला. कॉलिन आर्चर याच्याकडून त्याने ‘फ्राम’ नावाचे गोलसर बुडाचे जहाज बांधून घेतले. दाब आला की ते चिरडले न जाता वर उचलले जावे, अशी योजना होती. १८९३ च्या जूनमध्ये तेरा माणसे घेऊन ते निघाले आणि सप्टेंबरात नव्या सैबेरियन बेटांच्या उत्तरेला बर्फाने त्याला धरले. जहाजावर पवनचक्कीवर चालणारा विजेचा दिवा होता, पुस्तके होती, खाणे चांगले होते. एवढे सगळे असून महिनेच्या महिने करण्यासारखे काही नव्हते. बर्फ कधी पुढे जाई, कधी मागे. काही आठवड्यांची वाटचाल वारा फिरला की पुसली जाई.

त्यात एक शोध लागला, तो सांगून टाकतो. बर्फ वाऱ्याच्या दिशेने वाहत नाही, त्याच्या उजवीकडे वीस ते चाळीस अंश कलून वाहतो, हे नानसेनच्या लक्षात आले. पृथ्वीच्या फिरण्यामुळे असे होते. एकमन या स्वीडिश शास्त्रज्ञाने पुढे त्याचे गणित मांडले आणि आज समुद्रविज्ञानाच्या पहिल्या वर्षाला ते शिकवतात.

जहाज ध्रुवावरून जाणार नाही हे दिसू लागल्यावर १४ मार्च १८९५ रोजी नानसेन आणि यालमार योहानसेन अठ्ठावीस कुत्री घेऊन पायी निघाले. ८ एप्रिलला ते ८६ अंश १४ कलांपर्यंत पोचले. तोवर इतक्या उत्तरेला कोणीच गेले नव्हते. पुढे बर्फाचे डोंगर. म्हणून तिथून मागे फिरले. आणि काही दिवसांतच, एका लांबलचक मजलीनंतर दमून झोपले असता दोघांच्याही घड्याळांना किल्ली द्यायची राहून गेली. जाग आली तेव्हा दोन्ही घड्याळे थांबलेली.

मुंबईत घड्याळ बंद पडले तर शेजाऱ्याला विचारता येते. इथे शेजारी नव्हता, आणि प्रश्न फक्त किती वाजले एवढाच नव्हता. सूर्याची उंची मोजून आपण आहोत तिथली स्थानिक वेळ काढता येते. त्याच क्षणी ग्रीनिचला किती वाजले हे घड्याळ सांगते, आणि दोहोंतला फरक म्हणजे रेखांश. ग्रीनिचची वेळ जगात दुसरीकडे कुठेही असली तरी त्या दोघांपुरती ती त्या दोन घड्याळांतच होती. ती गेल्यावर आपण उत्तर-दक्षिण कुठे आहोत हे त्यांना कळत होते, पूर्व-पश्चिम कळत नव्हते. ८६ अंशांवर चार मिनिटांची चूक म्हणजे पावणेआठ किलोमीटर. जसजसे दक्षिणेला यावे तसतसे रेखांश फाकत जातात, आणि तीच चूक ८२ अंशांवर साडेपंधरा किलोमीटरची होते. घड्याळ तसेच चालत राहते आणि चूक आपोआप मोठी होत जाते.

ते ज्या फ्रान्झ योझेफ लँडकडे निघाले होते, त्याच्या नकाशातही अस्तित्वात नसलेल्या भूमी काढलेल्या होत्या. जुलैअखेरीस जमीन दिसली, पण ती नकाशाशी जुळेना. नकाशा चुकला की आपण चुकलो, हे ठरवायचे साधन एप्रिलमध्येच थांबले होते. ऑगस्ट संपता संपता त्यांनी एका बेटावर दगडांची खोपी बांधली, वर वॉलरसची कातडी घातली आणि अस्वलाचे मांस खात संपूर्ण हिवाळा काढला. झोपायची पिशवी दोघांत एक. इतके महिने एकत्र काढूनही ते एकमेकांना ‘अहो’ म्हणत होते. १८९५ च्या शेवटच्या रात्री नानसेनने सुचवले की आता अरे-तुरे म्हणायला हरकत नाही. १८९६ च्या १९ मे रोजी ते पुन्हा निघाले आणि १७ जूनला फ्रेडरिक जॅक्सन या इंग्रज संशोधकाच्या तळावर पोचले. जॅक्सनच्या घड्याळाशी मेळ घातल्यावर मग कुठे कळले की हिवाळाभर आपण कोणत्या बेटावर होतो. त्यांचा रेखांश कित्येक अंशांनी चुकला होता.

१३ ऑगस्ट १८९६ रोजी नानसेन नॉर्वेच्या वार्डो बंदरात उतरला. त्याच दिवशी फ्राम स्पिट्सबर्गेनच्या वायव्येला बर्फातून सुटले. इतका जुळवलेला योगायोग कादंबरीत असता तर मी लेखकाला दोष दिला असता.

याच समुद्राच्या एका दारात, बेरिंगच्या सामुद्रधुनीत, दोन छोटी बेटे आहेत. मोठे डायोमीड रशियाचे, लहान अमेरिकेचे. मध्ये चार किलोमीटरपेक्षा थोडे कमी अंतर आणि आंतरराष्ट्रीय वाररेषा. हिवाळ्यात मधले पाणी गोठते. कायद्याने बंदी नसती तर सोमवारी सकाळी रशियातून निघून तासाभरात रविवारी अमेरिकेत पोचता आले असते, कारण घड्याळांत एकवीस तासांचा फरक आहे. १८६७ साली रशियाने अलास्का विकला तेव्हा वाररेषा सरकली आणि जुन्या रशियन पंचांगाच्या जागी ग्रेगरियन पंचांग आले. तिथल्या लोकांनी शुक्रवार ६ ऑक्टोबरनंतर शुक्रवार १८ ऑक्टोबर पाहिला. लागोपाठ दोन शुक्रवार.

आता या समुद्राशी महाराष्ट्राचा जो खरा धागा आहे तो घेऊ. १८९७ च्या राजद्रोहाच्या खटल्यात तुरुंगात असताना टिळकांना मॅक्स म्युलरने ऋग्वेदाच्या आपल्या नव्या आवृत्तीची प्रत पाठवली. त्या वाचनातून आणि विचारांतून १९०३ साली पुण्यात ‘द आर्क्टिक होम इन द वेदाज’ हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. आर्यांचे मूळ वसतिस्थान उत्तर ध्रुवाभोवतीच्या प्रदेशात होते, हा त्याचा सिद्धान्त सगळ्यांना ऐकून माहीत असतो; तो ज्या रीतीने मांडला आहे ती मात्र कमी लोकांनी पाहिली आहे. टिळकांचे सगळे पुरावे काळाचे आहेत. तैत्तिरीय संहितेतल्या तीस उषा, ज्या भगिनी म्हणून एकामागून एक येतात. सूर्योदयाआधी अनेक दिवस उलटले असे सांगणारी ऋचा. सूर्य उगवण्याआधी म्हणायची लांबलचक शस्त्रे, म्हणजे यज्ञातले ऋचापाठ, जी आपल्याकडच्या दीड तासाच्या पहाटेत मावणार नाहीत. माणसांचे वर्ष म्हणजे देवांची एक अहोरात्र, हे मनुस्मृतीतले वचन. एवढी लांब पहाट आणि एवढा लांब दिवस पृथ्वीवर कुठे होतो? त्यावरून जागा काढा.

नानसेन ज्या समीकरणाने आपला रेखांश शोधत होता, तेच टिळकांनी उलट्या बाजूने अक्षांशाला लावले होते. दिवसाची लांबी दिली असेल तर स्थळ निघते. पद्धत म्हणून ती निर्दोष आहे, आणि ज्योतिषगणिताचा व्यासंग असलेल्या माणसालाच ती सुचावी अशी आहे. अडचण दिलेल्या वेळेची आहे. देवांचा सहा महिन्यांचा दिवस मेरूवर असतो, हे आर्यभटाने ४९९ साली आणि सूर्यसिद्धान्ताने सांगितले आहे, आणि ते कोणी पाहून आलेला नव्हता. पृथ्वी गोल आहे आणि तिचा आस कललेला आहे हे मानले की ध्रुवावरचा दिवस बसल्या जागी काढता येतो. टिळकांचे म्हणणे असे की वैदिक ग्रंथ या गणितापेक्षा जुने आहेत, तेव्हा ती स्मृती असली पाहिजे. पण यज्ञकर्मातल्या उषांची संख्या ही आकाशातल्या पहाटेची मोजणी आहे, असे धरून चालणे ही मोठी उडी आहे. शिवाय टिळकांना हिमयुगाआधीची ऊबदार, वस्तीयोग्य ध्रुवभूमी हवी होती. पण तिथे समुद्र होता; फ्रामने तीन हजार मीटरहून खोल पाण्याची मापे घेतली, ती हकिगत १८९७ सालीच छापून आली होती. हिमयुगांच्या ज्या तारखांवर त्यांनी भिस्त ठेवली त्याही पुढे बदलल्या. आजचे अभ्यासक हा सिद्धान्त मान्य करत नाहीत, आणि मलाही तो पटत नाही. तरी ध्रुवावरच्या पहाटेचे, संध्याकाळचे आणि सूर्याच्या भ्रमणाचे त्यांनी केलेले वर्णन आजही अचूक म्हणून वाचता येते. आणि ते ध्रुवावर न जाता केलेले आहे.

माणसांची ही गत, तर तिथल्या प्राण्यांनी काय करावे? नॉर्वेच्या उत्तरेकडच्या स्वालबार्ड बेटांवरच्या रेनडियरनी रोजचे वेळापत्रक सोडूनच दिले आहे. उन्हाळ्याच्या अखंड उजेडात आणि हिवाळ्याच्या अखंड अंधारात त्यांच्या चरण्या-झोपण्याला चोवीस तासांची लय राहत नाही. भूक लागली की चरायचे, मग रवंथ करायचे. पाण्यातले सूक्ष्म प्राणी वेगळा मार्ग धरतात. एरवी जगभर ते रात्री वर येतात आणि पहाटे शिकाऱ्यांच्या भीतीने खोल जातात. ध्रुवरात्रीत सूर्यच नसतो, तेव्हा ते चंद्राला घाबरतात. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असे दिसले की हिवाळ्यात त्यांची वर-खाली जाण्याची फेरी चोवीस तासांऐवजी साधारण चोवीस तास पन्नास मिनिटांची होते. चंद्राचा दिवस तेवढाच असतो. पौर्णिमेच्या आसपास ते सगळेच खोल उतरतात. बर्फाखालच्या या जिवांचे पंचांग मग चांद्रमासाचे, आपल्यासारखेच.

आयुष्याची लांबीही तिथे बदलते. बोहेड देवमासा दोनशे वर्षांहून जास्त जगू शकतो. २००७ साली अलास्काच्या इनुपियाट शिकाऱ्यांनी मारलेल्या एका देवमाशाच्या मानेत जुन्या स्फोटक भाल्याचा तुकडा सापडला, जो एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या बनावटीचा होता. ग्रीनलंड शार्कच्या डोळ्याच्या भिंगातला किरणोत्सारी कार्बन मोजून २०१६ साली त्यांचे वय काढले गेले. सगळ्यांत मोठ्या माशाचे वय ३९२ वर्षे आले, अधिक-उणे १२०. म्हणजे कमीत कमी २७२ वर्षे. या शार्कची मादी प्रजननक्षम व्हायलाच साधारण दीडशे वर्षे घेते. थंड पाण्यात शरीराचा सगळाच कारभार संथ चालतो. प्लुटार्कच्या मंद समुद्रात खरोखरच कोणी तरी झोपल्यासारखे पोहत होते.

भारताचे ‘हिमाद्री’ संशोधन केंद्र २००८ पासून स्वालबार्डच्या न्यू-ऑलेसुंडला, ७९ अंश उत्तरेला आहे. त्याचा कारभार गोव्यात, वास्कोच्या राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्रातून चालतो. सुरुवातीला तिथे फक्त उन्हाळ्यात माणसे जात. डिसेंबर २०२३ पासून हिवाळ्यातही मुक्काम सुरू झाला, म्हणजे भारतातून गेलेली माणसे ऑक्टोबरअखेर ते फेब्रुवारीच्या मध्यापर्यंतच्या ध्रुवरात्रीत सूर्य न पाहता काम करतात. तिथे घड्याळाला पर्याय नाही. जेवणाच्या वेळा पाळल्या नाहीत तर दोन आठवड्यांत झोप कुठल्या कुठे भरकटते, हे ध्रुवीय तळांवर राहिलेले सगळेच सांगतात.

राहता राहिला बर्फ, आणि त्यालाही वय असते. एका हिवाळ्यात गोठलेला बर्फ पातळ आणि खारट. उन्हाळे पचवत गेला की तो जाड होतो, त्यातले मीठ झिरपून खाली जाते आणि काही वर्षांच्या जुन्या बर्फाचे पाणी पिता येते. बोफोर्ट समुद्रातल्या भोवऱ्यात बर्फ वर्षानुवर्षे फिरत राहायचा. १९८५ च्या मार्चमध्ये या समुद्रावरच्या बर्फापैकी सुमारे एक तृतीयांश चार वर्षांहून जुना होता. २०१९ च्या मार्चमध्ये तो १.२ टक्के उरला. आता जो दिसतो तो बहुतेक याच वर्षी जन्मलेला, आणि पुष्कळसा याच वर्षी मरणारा.

नानसेनची युक्ती पुन्हा करून पाहायला २०१९ च्या सप्टेंबरात ‘पोलरस्टर्न’ हे जर्मन जहाज नॉर्वेच्या ट्रोम्सोहून निघाले. मोझेइक हे त्या मोहिमेचे नाव, मार्कुस रेक्स तिचा प्रमुख. ऑक्टोबरच्या सुरुवातीला ८५ अंश उत्तरेला एका हिमतुकड्याला जहाज बांधले. जहाजावरची वेळ कप्तान ठरवे, शास्त्रज्ञांच्या नोंदी जागतिक प्रमाणवेळेत होत, आणि बाहेर काही महिने ना दिवस ना रात्र. उपग्रहामुळे जागा क्षणोक्षणी कळत होती. घड्याळाला किल्ली देण्याची भीती संपली होती. पण फ्राम जवळजवळ तीन वर्षे बर्फात होते, आणि पोलरस्टर्नचा हिमतुकडा दहा महिन्यांत समुद्र ओलांडून जुलै २०२० मध्ये ग्रीनलंडजवळ फुटला. मग जहाजाने नाक वळवले आणि ग्रीनलंडच्या उत्तरेला, जिथे पूर्वी सगळ्यांत जुना आणि जाड बर्फ असायचा, तिथून वाट काढत १९ ऑगस्टला ध्रुव गाठला. वाटेत बर्फ पातळ होता, त्यावर वितळलेल्या पाण्याची डबकी होती, आणि प्रवासाला अपेक्षेपेक्षा कमी दिवस लागले.